शरणपुरात कुणाला नाव विचारत नाहीत

शरणपूर रोडवर कोचिंग क्लासच्या आणि दातांच्या दवाखान्याच्या पाट्यांमागे एक बोळ आत जातो. त्या बोळात लताबाईंचं कौलारू घर आहे. मे महिन्यात करुणा आपल्या तीन वर्षांच्या आरोहीला घेऊन इंदिरानगरहून या आत्याकडे राहायला आली. खरं तर सासूच्या तोंडापासून पळून आली. आरोही अजून एक शब्द बोलत नव्हती. कान चांगले, समज चांगली, पण ओठ मिटलेले. "मुकीच निघाली म्हणायची," असं सासूबाई भाजी निवडता निवडता म्हणाल्या, त्या दिवशी करुणानं बॅग भरली. तिला फार काही नको होतं. त्या ओठांतून एकदा 'आई' ऐकायचं होतं.

दुपारच्या जेवणाला आत्याचं दार सताड उघडं असे.

"तुम्ही फ्लॅटवाले आधी भोकाला डोळा लावणार, मग साखळी काढणार," लताबाई हसायच्या. "आमच्यात तसं नाही बाई. हे गाव वसलंच मुळी घराबाहेर काढलेल्यांसाठी. ख्रिस्ती झाला म्हणून बापानं हाकललेला, विहिरीचं पाणी बंद झालेली, सगळी इथं आली. मग, दीडशे वर्षं झाली असतील, मिशनऱ्यांनी जहाजांवरनं सोडवलेली आफ्रिकेतली पोरं आणली. गुलाम म्हणून विकायला चालवली होती ती. दारात येईल त्याला ताट वाढायचं, नाव विचारायचं नाही."

"का गं?"

"नावावरनं जात कळते, गाव कळतं. मागावर असणाऱ्यालाही कळतं. आणि जहाजांवरच्या त्या बारक्या पोरांना तर आपलं नाव आठवतच नव्हतं. बाप्तिस्म्यात नवी नावं दिली, ती काहींच्या अंगी लागलीच नाहीत. तशीच तापात गेली बिचारी."

दुसऱ्या दुपारी उंबऱ्यावर एक मुलगी येऊन बसली. आरोहीहून थोडी मोठी, काळीभोर, केस अगदी बारीक कापलेले, अंगात जाड्याभरड्या कापडाचा झगा. शेजारच्या बांधकामावरच्या मजुराची असेल, करुणाला वाटलं. लताबाईंनी नाव न विचारता ताट वाढलं. मुलगी खाली बघत जेवली आणि गेली.

करुणा फरशी पुसायला बसली, तर पावलांच्या जागी पांढरट काहीतरी वाळलं होतं. बोट नकळत तोंडात गेलं. खारट. समुद्राचं असतं तसं.

मुलगी रोज येऊ लागली. आरोही तिला चिकटून बसायची, आपल्या भाकरीचा तुकडा तिच्या ताटात टाकायची. आणि आरोहीच्या घशातून आवाज यायला लागले. हुंकार, मग गुणगुणणं. ही चाल करुणानं कधी म्हटली नव्हती.

तिनं बांधकामावरच्या वाल्मीकला विचारलं. तो म्हणाला, "ताई, हितं लेकरूच नाय कुनाचं. सगळे गडी मानसं."

त्या दुपारी वीज गेली होती. पंखा थांबलेला. आरोहीनं मुलीच्या ओठांवर तळवा ठेवला आणि स्वतःचे ओठ उघडले. "आ..."

करुणाच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. तिनं त्या मुलीचा गार हात हातात घेतला. मायेनंच विचारलं, "बाळा, तुझं नाव काय गं?"

"करुणा!" लताबाईंच्या हातातला डाव खाली पडला.

मुलीनं पहिल्यांदाच मान वर केली. ओठ हलले, काही उमटलं नाही. हरवलेली वस्तू अंगावरच कुठेतरी असेल अशी ती शोधू लागली. तळहात उलटून पाहिले. झग्याची शिवण चाचपली.

मग ती आरोहीकडे बघत राहिली.

भाकरीचा तुकडा द्यावा, तितक्या सहज आरोही म्हणाली, "आरोही."

मुलगी उठली आणि गेली.

करुणानं नवऱ्याला फोन लावला. "किशोर, बोलली! स्वतःचं नाव सांगितलं तिनं!"

लताबाई भिंतीकडे तोंड करून बसल्या होत्या. "सांगितलं नाही गं," त्या हळूच म्हणाल्या. "दिलं."

संध्याकाळी करुणानं हाक मारली, "आरोही!" वाट्यांशी खेळणाऱ्या लेकीनं वळून पाहिलं नाही. पुन्हा मारली. नाही. टाळी वाजवली, तशी लगेच वळली.

रविवारी किशोर येऊन दोघींना घरी घेऊन गेला. करुणा पुन्हा पुन्हा हात लावून बघायची, पण लेकीचं कपाळ गरम नव्हतं. कानांचे डॉक्टर म्हणाले, कान उत्तम आहेत. करुणा दिवसभर बाळा, सोन्या, चिमणे म्हणायची. लेक हसायची. फक्त ते एक नाव तिच्यापर्यंत पोचत नव्हतं.

एका दुपारी सासूबाई देवळात गेल्या होत्या. घरात दोघीच. लेक मांडीवर पेंगत होती. करुणानं तिच्या केसांत नाक खुपसलं आणि कानाशी, अगदी हळू म्हटलं,

"आरोही."

आतल्या खोलीतून आवाज आला, "आले, आई."

मांडीवरच्या लेकीनं डोळे उघडले, आणि जरा सरकून शेजारी जागा करून दिली.