गिअर शिकायचे रविवार

गाडी बोटभर पुढे सरकली... आणि पुन्हा थांबली. तिसऱ्यांदा.

श्रावणातला शुक्रवार, सकाळचे आठ. बेंगळुरूतल्या यशवंतपूरच्या गणपतीच्या देवळासमोर झेंडूचे हार ल्यालेली एक कोरी पांढरी गाडी चार चाकांखाली चार लिंबं घेऊन अडून बसली होती. भटजींना पुढच्या पूजेची घाई, मागे आणखी दोन नव्या गाड्या रांगेत, आणि आत स्टिअरिंगवर बसलेल्या तरुणाच्या कपाळावरून घाम आणि कुंकू एकत्रच वाहत होतं.

"किरण, वाकून बघ रे, फुटलं का लिंबू?" त्याची आई तुंगाबाई बाहेरून ओरडत होत्या. तो बिचारा दार उघडून, अर्धा बाहेर लोंबकळून चाकाकडे बघत होता. त्यांच्या घरची रीतच तशी. लिंबू फुटताना चालवणाऱ्याने स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं, तरच गाडी लाभते. मिरचीच्या दुकानाच्या पहिल्या टेम्पोपासून त्यांच्या घरात हे चालत आलेलं. टेम्पोने कधी कुरकुर केली नव्हती. ही गाडी मात्र दार उघडलं रे उघडलं की गप्प!

"काय अपशकुन म्हणायचा हा," तुंगाबाई पुटपुटल्या.

कोपऱ्यावर कंपनीच्या बसची वाट पाहत उभ्या असलेल्या शिवलीलाला राहवलं नाही. ती पुढे झाली आणि खिडकीशी वाकून कानडीत म्हणाली, की आधी दार बंद करा.

"आई, तू स्वल्प गप्प बस ना!" तो भलतीकडेच बघून वैतागला. मराठीत!

शिवलीला गालातल्या गालात हसली. "आई काही म्हणाल्या नाहीत. मी म्हणाले. दार लावा की आधी."

त्याने मान वळवली. चांगले मोठे, भाबडे डोळे. कुंकवाचा एक ओघळ नाकापर्यंत आलेला. "दारानं काय होतं ओ? गिअर तर मी टाकलाय."

"पट्टा न लावता, चालत्या गाडीचं दार उघडलं, की ह्या गाडीला वाटतं तुम्ही उतरायला निघालात. मग ती आपणहून 'पी'मध्ये जाते, जागच्या जागी कुलूप लावल्यासारखी. तुमच्याच काळजीपोटी करते बिचारी. दार लावा, ब्रेक दाबा, दांडा खाली ओढून 'डी' आलाय का बघा, आणि मग ब्रेक सोडा. लिंबं मी बघते."

फट्... फट् फट्... फट्. चारही फुटली. भटजींनी सुटकेचा निश्वास टाकला.

"थँक्स, अक्का!" तो उतरून म्हणाला.

शिवलीलाच्या कपाळावर आठी पडली. सव्वीस वर्षांची मी, आणि ह्या एवढ्या मोठ्या पुरुषाची अक्का? "अक्का नाही. शिवलीला," ती म्हणाली, आणि बस आली म्हणून पळाली. पण बसमध्ये बसल्यावर तिला ते कुंकू आठवून उगाचच हसू येत राहिलं.

सोमवारी तो बसथांब्यावर हजर! हातात केळीच्या पानात बांधलेला प्रसाद, चेहऱ्यावर प्रश्न.

"मी किरणकुमार. त्या दिवशी नाव सांगायचं राहिलं. एक विचारू? तो गिअरचा दांडा... खाली ओढला की परत मध्येच येतो. बिघडलाय काय?"

"नाही हो. पूर्वी दांड्याखाली सळी नाहीतर केबल असायची, थेट गिअरबॉक्सपर्यंत. दांडा जिथे ढकलाल तिथेच राहायचा. आता तो नुसता स्विच आहे. तुम्ही सांगायचं, तो निरोप वायरमधून पोचवायचा आणि परत मध्ये येऊन उभं राहायचं. कुठला गिअर पडलाय ते दांड्याला विचारायचं नाही, समोरच्या पडद्यावर बघायचं."

"एवढं कसं माहीत तुम्हाला?"

मग सांगावं लागलं. ती निपाणीची. पीण्याच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका लहानशा कारखान्यात तपासणीला. गाड्यांचे गिअरचे दांडे आणि स्टिअरिंगमागची, बोटांनी गिअर बदलायची पॅडलं तिथे तयार होत. पॅडल किती जोर लावल्यावर 'टक्' करतं, ते टक् बोटाला गोड लागतं की टोचतं, हे ठरवायचं काम तिचं. यंत्र एकेक पॅडल लाखो वेळा दाबून बघे. पण शेवटचा शब्द शिवलीलाच्या बोटांचा.

"मग तुम्ही गाडी काय सुंदर चालवत असाल!"

ती चपापली. चार वर्षं पॅडलं दाबली, पण स्टिअरिंगपुढे ती कधी बसलीच नव्हती! आणि आता तेच नडत होतं. रस्त्यावर गाडी पळवून नवं पॅडल पारखायची जागा कारखान्यात निघाली होती. तिचे वरिष्ठ भीमाचार्य सर तिलाच घ्यायला तयार होते, पण लायसन्स पाहिजे, तेही सप्टेंबर संपायच्या आत. नाहीतर जागा तपासणीतल्याच प्रणीतला, ज्याच्या बोटांना लोखंड आणि लोणी सारखंच!

तिने हेही सांगून टाकलं. "सरी, ठरलं तर मग," किरणकुमार म्हणाला. "रविवारी पीण्याचे कारखाने बंद, रस्ते मोकळे. मी चालवायला शिकवतो. तुम्ही मला गाडी समजावून सांगा. फिटंफाट!"

लर्निंग लायसन्स आलं. रविवार सुरू झाले.

पहिल्या दोन रविवारी तुंगाबाई मागच्या सीटवर होत्या, जपमाळ हातात घेऊन डोळे मिटलेल्या. शिवलीलाची पाचावर धारण बसली होती. तिचा पाय ब्रेकवरून निघेना. किरणकुमार मात्र एकदाही ओरडला नाही. "सावकाश. रस्ता कुठे पळून जात नाही," एवढंच म्हणायचा, आणि तिच्या ओढणीचा शेव हँडब्रेकच्या बटणावर आला की हळूच, दोन बोटांनी बाजूला करायचा.

तिसऱ्या रविवारपासून तुंगाबाईंचे गुडघे दुखू लागले. शिवलीलाला ते गुडघे फार समंजस वाटले.

आणि प्रश्न? ते तर संपायचं नाव घेत नव्हते.

"डावं पॅडल ओढलं तर गाडी मागे जाते काय?"

"मागे कशी जाईल? उजवं म्हणजे एक गिअर वर, डावं म्हणजे एक गिअर खाली. उतारावर डावं ओढायचं. इंजिनच गाडीला मागे धरतं, ब्रेकला आराम."

"आणि जोरात जाताना मी ओढतच राहिलो तर?"

"ओढा खुशाल. गाडी ऐकणार नाही. पॅडल म्हणजे नुसती विनंती. मान्य करायची की नाही ते आतला कॉम्प्युटर ठरवतो. इंजिनला झेपणार नसेल तर नाही म्हणतो."

"मग विनंती करणाऱ्यानं काय करायचं?"

"स्वल्प थांबायचं... आणि योग्य वेळी परत करायची."

बारीक भुरभुर चालू होती. काचेवरचा वायपर एकदा फिरून थांबला. शिवलीलाने रस्त्यावरची नजर काढली नाही, पण तो आपल्याकडे बघतोय हे तिला कानाच्या पाळीपर्यंत कळत होतं.

सातव्या रविवारी ती एका हाताने सफाईने वळण घेऊ लागली. तो म्हणाला, "आता तुम्हाला शिकवायला माझ्याकडे काही राहिलं नाही." हे म्हणताना त्याचा चेहरा पडला. तिच्या आत्ता कुठे ध्यानात आलं. लायसन्स मिळालं, की हे रविवार संपले! मग कुठल्या तोंडाने भेटायचं?

परीक्षेच्या दिवशी आरटीओच्या मैदानाबाहेर गाड्यांची रांग होती. किरणकुमार कुंपणापलीकडे उभा राहिला. शिवलीला एकटीच स्टिअरिंगवर, आणि तिच्या डोक्यात एक वेडा विचार घोळत होता. मैदानातल्या खुणेच्या खांबांपैकी एकच पाडायचा. मागे घेताना चाक जरासं जास्त वळवायचं... नापास. पुन्हा शिकवणी, पुन्हा रविवार. जागा मात्र प्रणीतची. चार वर्षं जिची वाट पाहिली ती जागा! जीव नुसता टांगणीला लागला होता. एक मन म्हणे नोकरी, दुसरं म्हणे तो. त्याच्या मनात काय आहे हे तरी कुठे माहीत होतं? तो फक्त प्रश्न विचारायचा, गाडीचे.

"विम्याचा कागद काढून ठेवा," शिपाई सांगून गेला.

तिने समोरचा कप्पा उघडला. कागदाखाली गाडीबरोबर मिळालेलं जाडजूड पुस्तक होतं. गिअरच्या प्रकरणाशी ते आपसूक उघडलं, एवढं हाताळलेलं. कडेला पेन्सिलीने लिहिलेलं... अक्षरं कानडी, भाषा मराठी. बेंगळुरूच्या जुन्या मराठी घरांतून लिहितात तशी.

'शुक्रवार. पूजा झाली. रात्री सगळं वाचून काढलं. दार उघडल्यावर पी. ती बरोबर बोलली.'

तिने पान उलटलं. 'दांडा मध्ये का येतो? उत्तर खाली छापलंय. तरी सोमवारी विचारणे.' आणखी एक पान. 'डावं पॅडल. येडछाप प्रश्न. हसेल. रविवार तीन.' प्रत्येक परिच्छेदापुढे एकेक रविवार नेमून ठेवलेला! आठ, नऊ, दहा... थेट दिवाळीपर्यंत.

शिवलीलाने पुस्तक छातीशी धरलं. डोळ्यांत पाणी आलं आणि हसूही फुटलं. ह्या माणसाला पहिल्या दिवसापासून सगळं माहीत होतं आणि आपण त्याला शहाणपणा शिकवत बसलो! लाज वाटली, राग आला, आणि त्या दोहोंच्या वर आनंद झाला. तिने पुस्तक परत कप्प्यात ठेवलं आणि पट्टा लावला. आता खांब पाडायची गरजच उरली नव्हती.

पुकारा झाला. तिने ब्रेक दाबला, पडद्यावर 'डी' आला. आठाचा आकडा, चढावर थांबणं, मागे घेणं. एकाही खांबाला धक्का नाही.

"पास?" किरणकुमार धावत आला.

"पास."

"सरी... छान झालं." तो हसला, पण ते हसू ओठांपर्यंतच. "म्हणजे आता तुमचे रविवार मोकळे."

"माझे मोकळे. तुमचे मात्र दिवाळीपर्यंत भरलेत, असं वाचलं."

तो पार कानकोंडा झाला. "ते पुस्तक... कप्प्यात राहिलं काय?"

"विम्याच्या कागदाखाली. दोन महिने मला बनवलंत!"

"बनवलं नाही ओ. दुसरं काय विचारायचं ते सुचत नव्हतं. गाडीचं विचारलं की तुम्ही भरभरून बोलायचात. मला तेच ऐकायचं होतं." त्याने मान खाली घातली. "रागावलात?"

"मी आज मुद्दाम नापास होणार होते," शिवलीला म्हणाली.

त्याने झटकन वर पाहिलं. "का?"

"रविवार संपू नयेत म्हणून." बोलून गेली आणि तिने जीभ चावली. पण आता शब्द परत घ्यायचे नव्हतेच. आवडतोच की तो मला, तिने स्वतःला सांगितलं. मग लपवायचं कशाला? "दिवाळीपर्यंतचे प्रश्न काढून ठेवलेत तुम्ही. दिवाळी झाल्यावर काय करणार होता?"

मागच्या गाडीवाल्याने हॉर्न वाजवला. दोघेही जागचे हलले नाहीत.

"आईला घेऊन निपाणीला जायचं ठरवलं होतं," तो अगदी हळू म्हणाला. "तुमच्या घरी. आईला पहिल्या रविवारीच सांगितलंय. पण तुम्ही हो म्हणालात तरच..."

म्हणजे गुडघे दुखतच नव्हते! शिवलीलाला हसू आवरेना. तिने गाडीची किल्ली त्याच्या तळहातावर ठेवली आणि हात तसाच राहू दिला. त्याची बोटं अलगद तिच्या बोटांभोवती मिटली.

"दिवाळी लांब आहे हो," ती म्हणाली. "दसऱ्याला मी निपाणीलाच असते. आईंना घेऊन या."