प्रत्येक डावानंतर एक बस

ऐकायचं असेल तर हातातला फोन आधी पालथा ठेवा. घाबरवायला म्हणून सांगत नाही. मधेच काहीतरी टुणकन वाजतं आणि गोष्टीचा पार विचका होतो, एवढंच.

तर, एका जिन्याखाली फोन-दुरुस्तीचं दुकान होतं. दुकान कसलं, दोन माणसं आत शिरली की तिसऱ्याला बाहेर उभं राहून बोलावं लागे. एक उंच टेबल, मान वळवता येणारा दिवा, बारीक स्क्रूंच्या डब्या आणि त्या दिव्यामागे फोनताई. तिचं खरं नाव काय ते कुणी कधी विचारलंच नाही. जीभ तिखट, हात मात्र हलका. काच बदलता बदलता गिऱ्हाइकाची चांगली हजेरी घ्यायची, आणि फोन परत देताना स्वतःच्या ओढणीनं पुसून द्यायची.

काच, बॅटरी ही रोजची कामं. पण म्हातारी माणसं यायची ती बहुतेक एकाच गाऱ्हाण्यानं. "ताई, गेममधल्या जाहिराती तेवढ्या काढून द्या."

जाहिरातींवर फोनताईचा भारी राग होता. "माणूस दोन घटका विरंगुळा म्हणून खेळायला बसतो, आणि ह्या मेल्या मधे येऊन उभ्या राहतात," ती म्हणायची. "बंद करायला फुली देतात ती मोहरीएवढी. तीही लगेच नाही, पाच सेकंद तोंड बघत बसा. आणि तिच्यावर बोट ठेवलं की भलतंच दुकान उघडतं." तिची पद्धत साधी होती. जाहिरात बाहेरून येते, तेव्हा त्या गेमचा नेटशी संबंधच तोडून टाकायचा. मग स्वतः दहा डाव खेळून बघायचे. दहाच्या दहा डाव निर्मळ गेले, की मगच फोन मालकाच्या हातात. हा तिचा नेम होता आणि तो तिनं एकदाच मोडला.

त्या दिवशी सकाळी काकू आल्या. खांद्यावर तपकिरी शाल, डोळ्यांखाली काळं. फोन टेबलावर ठेवला, पण हात त्यावरून उचलेनात.

"आमच्या ह्यांचा आहे," काकू म्हणाल्या. "ड्रायव्हर होते, बसवर. अकरा महिने झाले, झटका आला. डावी बाजू गेली. उजव्या हाताचं एक बोट तेवढं नीट चालतं. व्यायाम शिकवणाऱ्या बाईंनी हा गेम घालून दिला, बोटासाठी."

फोनताईनं गेम उघडला. गाड्यांनी खच्चून भरलेला एक तळ. एकेक गाडी सरकवत वाट करायची आणि अडकलेली पिवळी बस बाहेर काढायची. ड्रायव्हरला अगदी साजेसा.

"ह्यातल्या जाहिराती काढा," काकू म्हणाल्या. "सगळ्या. एकही नको."

"एकही राहणार नाही, काकू. बसा तुम्ही."

"एखादी... राहते का? सगळ्या काढल्या तरी?"

"राहून जाईल कुठे? तिच्या बापाचं राज्य आहे का?"

काकू हसल्या नाहीत. त्यांची नजर फोनवरच खिळली होती. फोनताईनं काम केलं आणि खेळायला बसली. पहिला डाव, दुसरा, तिसरा. कर्जाची जाहिरात नाही, साबणाची नाही, दुसऱ्या कुठल्या गेमची ती पाण्यात बुडणारी राणीही नाही. तेवढ्यात काकू उठल्याच. "ह्यांना एकटं टाकून आलेय, ताई. खूप वेळ झाला." फोनताई जरा घुटमळली. पण त्या बाईचा चेहरा बघून तिचा जीव तुटला. जाऊ दे, तीन काय नि दहा काय, असं म्हणून तिनं फोन पुसून दिला.

दोन दिवसांनी भर दुपारी काकूंचा फोन आला. "घरी येता का? आत्ता." एवढं बोलून त्यांनी ठेवून दिला.

घर जवळच होतं, तिसऱ्या मजल्यावर. दार उघडंच होतं. खोलीत औषधाचा आणि गरम इस्त्रीचा वास. खिडकीतून ऊन थेट पलंगावर पडलेलं, उशाशी पाण्याचं भांडं, भिंतीला टेकवलेली चार पायांची काठी. पलंगावर ड्रायव्हरकाका बसते केलेले होते. माणूस धिप्पाड असणार एके काळी. आता अंगावरचा सदरा दुसऱ्या कुणाचा वाटत होता. मांडीवरच्या उशीवर फोन होता. त्यांचं ते एक बोट गाड्या अशा सफाईनं सरकवत होतं, की फोनताई बघतच राहिली. काकू त्यांना चिकटून बसल्या होत्या, स्वतःचं बोट स्क्रीनच्या कोपऱ्यावर तयार ठेवून.

"बघा आता," काकू पुटपुटल्या.

पिवळी बस तळातून बाहेर पडली. डाव संपला. स्क्रीन काळा झाला.

मग हळूहळू उजेड आला, पहाटेचा असतो तसा राखाडी. एक रिकामी बस, आतून दिसणारी. इंजिन चालू असल्याची बारीक घरघर. ड्रायव्हरची जागा मोकळी. पुढच्या दाराच्या पायरीवर एक कंडक्टर उभा होता, खाकी कपड्यांत, एक हात घंटीच्या दोरीवर. तो कुणाला हाका मारत नव्हता, काही विकत नव्हता. नुसता बाहेर बघत होता. वर कोपऱ्यात आकडे उतरत होते. तीस... एकोणतीस... अठ्ठावीस...

फोनताईनं स्वतः तोडलेलं नेट तुटलेलंच होतं. वरची खूण तिनं दोनदा पाहिली.

कोपऱ्यात फुली उगवली आणि काकूंनी ती झडप घालून दाबली. तळ परत आला. काकांनी डोळे मिटून घेतले.

काकूंनी तिला स्वयंपाकघरात ओढलं. आवाज अगदी खाली आणला. "तो ह्यांचा जोडीदार. बावीस वर्षं एकाच बसवर दोघं. सख्ख्या भावापेक्षा जास्त. दोन वर्षं झाली त्याला जाऊन... ह्यांनी खांदा दिलाय, ताई."

फोनताईनं दारातून पलंगाकडे वळून पाहिलं. "पहिल्यापासून दिसतो?"

"दिसायचा, पण पंधरा दिवसांतून एकदा. त्या साबणांच्या नि कर्जांच्या गर्दीत मधेच कधीतरी. मी फुली दाबायची, झालं. म्हटलं, सगळ्याच काढल्या तर हीसुद्धा जाईल. आणि आता... आता प्रत्येक डावानंतर हीच येते. पहिल्यांदा तो पार मागच्या बाकापाशी होता. आता पायरीवर आलाय."

फोनताईला सगळं लख्ख कळलं, आणि कळल्यावर तिला स्वतःच्याच थोबाडीत मारावीशी वाटली. इतके दिवस त्या साबणांनी, कर्जांनी, बुडणाऱ्या राण्यांनी त्या बसची वाट अडवून धरली होती. तिनं एकेक करून सगळ्यांना बाजूला केलं होतं.

"गेमच काढून टाकू," ती म्हणाली.

"काल काढला होता. ह्यांनी जेवण सोडलं. पाणीसुद्धा घेईनात. शेवटी मीच परत घातला."

मग फोनताईनं जन्मात केलं नव्हतं ते केलं. जाहिराती परत याव्यात म्हणून ती घाम गाळायला लागली. नेट जोडलं, परवानग्या दिल्या, फोन बंद करून चालू केला. ये बाई, ती मनात म्हणत होती, साबण ये, कर्ज ये, पाहिजे ते विकायला ये. काका शांतपणे खेळत राहिले. त्यांना घाई नव्हती. डाव संपला. स्क्रीन काळा झाला. आणि तोच राखाडी उजेड आला.

कंडक्टर आता पायरीवरून उतरून खाली उभा होता. चेहरा अगदी जवळ. साधा, दाढीचे खुंट वाढलेला, थकलेला चेहरा. त्यात राग नव्हता. खरं सांगायचं तर फोनताईला भीतीपेक्षा त्याची कीवच जास्त आली.

तेवीस... बावीस... फुली उगवली. काकूंचं बोट पुढे आलं.

"अगं," काका म्हणाले.

जीभ जड होती, एकेक शब्द ओढून काढावा लागत होता. "तो... उभाच आहे गं. किती दिवस... उभा ठेवशील?"

"आणि मी?" काकू म्हणाल्या. "मी काय करू, ते सांगा आधी."

काकांनी मान काकूंकडे वळवली. पंधरा... चौदा... मग त्यांनी ते एकुलतं बोट उचललं आणि काकूंच्या डोळ्यांखालच्या काळ्यावर ठेवलं. "दमलीस तू," ते म्हणाले. "झोपत नाहीस. मी... बघतो ना."

काकूंचं बोट स्क्रीनच्या वर तसंच अधांतरी राहिलं. मग ते वळलं आणि काकांच्या बोटाला जाऊन बिलगलं. काकू रडत होत्या, पण आवाज नव्हता. फोनताई अगदी हातभर अंतरावर होती. तिला फुली दाबता आली असती. तिचा हात पुढे गेलासुद्धा. पण त्या दोघांच्या मधे हात घालायचा तिला धीर झाला नाही.

तीन... दोन... एक.

फोनमधून घंटी वाजली. दोनदा, टण टण. इंजिनाचा आवाज चढला, दूर गेला, विरून गेला. स्क्रीनवर गाड्यांचा तळ परत आला, पण त्यात आता एकही गाडी नव्हती.

काका गेले होते. चेहऱ्यावर काही त्रास नव्हता. फक्त दोन्ही हात छातीपुढे उचललेले होते, बोटं वळलेली, मधे हातभर अंतर, चाक धरल्यासारखी. दोन्ही हात. अकरा महिने मेलेला तो डावासुद्धा. तो खाली घ्यायला फोनताईला आणि काकूंना मिळून बरीच खटपट करावी लागली.

पुढचा महिनाभर फोनताईचं कामात चित्त नव्हतं. गेमच्या जाहिराती काढायच्या म्हणून कुणी आलं, की ती सरळ सांगायची, "राहू द्यात. खाताहेत का तुम्हाला?" लोक म्हणायचे, बाई बिघडली.

एका संध्याकाळी काकू आल्या. शाल तीच. कुठल्याही घरात माणूस गेल्यावर महिन्याभरानं बाई दिसते तशाच दिसत होत्या. स्टुलावर बसल्या आणि फोन पुढे केला.

"ताई, रोज खेळते मी. शिकले आता. पण एकही जाहिरात येत नाही हो. एकही नाही." त्या थोडं थांबल्या. "परत आणता येतील का? सगळ्या येऊ देत. कर्जबिर्ज, काय असेल ते. मी बघेन. त्यात कधीतरी ती... मला ह्यांना नुसतं बघायचंय. गाडी नीट चालवतात ना, एवढंच."

फोनताईच्या जिभेवर 'नाही' आलं होतं. पण म्हणवलं नाही. तिनं फोन घेतला, होतं नव्हतं ते सगळं पुन्हा एकदा तोडून जोडून दिलं आणि दिवा वळवून खेळायला बसली. या वेळी पुरते दहा. पहिल्या डावानंतर साबण आला. दुसऱ्यानंतर कर्ज. "आले बघा पाहुणे," फोनताई म्हणाली, आणि काकूंच्या ओठांवर कितीतरी दिवसांनी हसू आलं.

दहावा डाव संपला आणि स्क्रीन काळा झाला.

फोन फोनताईच्या हातात होता, तोंड तिच्याकडे. काकूंना नुसती त्याची पाठ दिसत होती. राखाडी उजेड. बस धावत होती. चाकावर दोन भक्कम हात, रुंद पाठ, सदरा अंगाला बरोबर बसलेला. कंडक्टर मागे दांड्याला धरून उभा, काहीतरी सांगून हसत होता. सगळे बाक रिकामे होते, एक सोडून. ड्रायव्हरच्या पाठीमागच्या पहिल्या बाकावर, खिडकीशी, कुणीतरी जागा धरून ठेवली होती. एक तपकिरी शाल, नीट घडी घातलेली. काठाला एके ठिकाणी निळ्या दोऱ्यानं रफू केलेलं.

फोनताईनं नजर उचलली. काकूंच्या खांद्यावरून ओघळलेल्या टोकाला तेच निळं रफू होतं.

"काय आलं?" काकूंनी विचारलं. "आली का ती?"

फोनताई फुलीची वाट बघत होती. ती उगवताच तिनं दाबली. बोट इतकं घट्ट, की नख पांढरं पडलं.

"साबण," ती म्हणाली. "नुसता साबण, काकू. आज नाही आली. उद्या परत बघू. तुम्ही या, मीच बघून देत जाईन. घरी नका खेळू, घरचं नेट बरोबर नाही तुमचं. फोन इथेच राहू द्या."

काकूंनी मान हलवली. आणि दुसऱ्या दिवशी खरंच आल्या. मग रोजच यायला लागल्या, संध्याकाळी, पाच-साडेपाचला. स्टुलावर बसतात, चहा घेतात, काकांच्या गोष्टी सांगतात. गालांवर जरा रंग आलाय. परवा तर फोनताईला म्हणाल्या, जगण्याची गोडी परत लागतेय गं, तुझ्यामुळे. फोनताई दहा डाव खेळते, दहाव्यानंतर फुली दाबते आणि "आज नाही" म्हणते.

एकच गोष्ट तिनं काकूंना सांगितलेली नाही. ती जाहिरात तीस सेकंदांची आहे. पहिल्या संध्याकाळी फुली पाच सेकंदांनी उगवली होती. गेल्या आठवड्यात फुली उगवायला सतरा सेकंद लागले. काल सव्वीस लागले.