मॅच एक मिनिट मागे होती

आधीच सांगते, ही रचलेली गोष्ट नाही. मी बेकरीच्या काउंटरवर काम करते. दिवसभर गिऱ्हाइकांशी डोकं लावून घरी येते, तेव्हा भुताखेतांसाठी माझ्याकडे वेळ नसतो. कुणी असलं काही सांगायला लागलं की मीच आधी फिदीफिदी हसायचे.

आता नाही हसत.

हे घडलं एका रविवारी, भर उजेडात, आमच्या दुसऱ्या मजल्यावरच्या घरात. खिडकीतून ऊन आत आलं होतं. दिवे गेले नव्हते, वारा सुटला नव्हता. घरात मी आणि बाबा, दोघंच होतो.

दोघंच... असं मी धरून चालले होते.

बाबांना दिसत नाही. काचबिंदूने दोन्ही डोळे गेले, त्याला बरीच वर्षं झाली. पण फुटबॉलचं वेड काही गेलं नाही. आपल्या शहराच्या टीमची मॅच असली की हा माणूस भरल्या ताटावरून उठायचा. पूर्वी रेडिओवर कॉमेंट्री लागायची, ती बंद झाली. टीव्हीवरच्या कॉमेंट्रीला तर ते शिव्याच घालायचे.

"मेले नुसत्या गप्पा मारतात. बॉल कुठे आहे ते सांगा ना!"

आता बघणाऱ्याला बॉल दिसतोच, मग ते कशाला सांगतील?

यावर तोड काढली दादाने. माझा मोठा भाऊ. फर्निचरच्या कारखान्यात सुतार होता. त्याने प्लायवूडची एक फळी कापली आणि तिच्यावर सुतळी चिकटवून अख्खं मैदान आखलं. आपल्या गोलपाशी पॉलिश पेपरचा तुकडा लावला. बोटाला खरखरीत लागलं की बाबांनी समजायचं, आपल्या गोलवर संकट आलंय.

मॅच लागली की फळी स्टुलावर, दोघांच्या मध्ये. दादा बाबांचं बोट धरायचा आणि टीव्हीवर बॉल जाईल तसं फळीवर फिरवायचा. फाउल झाला तर फळीवर एकदा टक. ऑफसाइडला दोनदा. आणि गोल झाला की बाबांच्या तळहातावर सणसणीत टाळी.

"घर पेटलं तरी कळायचं नाही तुम्हा दोघांना," मी आतून ओरडायचे. 

मग दादाला ताप आला. साधा ताप म्हणून दवाखान्यात गेला आणि पार आयसीयूत पोचला. आत एकालाच सोडायचे. मी जायचे. बाबांना नेऊ दिलं नाही. यांना दिसत नाही, चुकून एखादी नळी ओढली जाईल, असं तिथल्या नर्सचं म्हणणं.

दादा परत आला नाही.

बाबा रडले नाहीत. एवढंच म्हणाले, "मला एकदा त्याच्या हाताला हात लावायचा होता गं."

त्यानंतर त्यांनी तोंडच मिटलं. दोन घास खायचे आणि भिंतीकडे तोंड करून पडायचे. दिवसेंदिवस खंगत चालले. डॉक्टर म्हणाले, "त्यांचं मन कशात तरी गुंतवा." गुंतवू कशात, डोंबल? मी रोज कामावर जाताना दार ओढून घ्यायचे आणि मनात यायचं, संध्याकाळी हे असतील ना...

अशात आपली टीम फायनलला पोचली. जिन्यात केबलवाला कुणाला तरी मोठ्याने सांगत होता, ते बाबांनी ऐकलं.

"फायनल कधी आहे?"

मी हातातलं काम टाकून बाहेर आले. कित्येक महिन्यांत त्यांनी स्वतःहून काही विचारलं नव्हतं.

"रविवारी. का?"

"मला बघायची आहे."

त्याच क्षणी ठरवलं. आकाशपाताळ एक करीन, पण बाबांना ही मॅच दाखवीन.

रविवारी टीव्ही लावला तर पॅक संपलेला. नवीन घ्यायचा तर ओटीपी जाणार दादाच्या नंबरवर. आणि तो नंबर बंद. केबलवाल्याला फोन केला.

"ताई, आज ऑफिस बंद असतं. उद्या सकाळी पहिलं काम तुमचं."

"उद्या काय डोंबल बघू? पेपरातला फोटो?"

समोरच्या सलूनमध्ये टीव्ही होता. तिथे जाऊ म्हटलं, तर बाबांनी मान हलवली. "लोक 'बिचारे' म्हणतात. नको."

शेवटी केबलवाल्यानेच मोबाईलवर एक लिंक पाठवली. "पण ताई, मोबाईलवर मॅच मागे असते हां. टीव्हीपेक्षा मिनिटभर तरी मागे. सलूनमधली पोरं आधी ओरडतील, तुम्हाला गोल नंतर दिसेल."

"मागे तर मागे. दिसल्याशी कारण."

फळी काढली, पुसली, स्टुलावर ठेवली. एका बाजूला दादाची खुर्ची होती, ती मी हलवली नाही. मी दुसऱ्या बाजूला पलंगावर बाबांशेजारी बसले. मोबाईल पाण्याच्या बाटलीला टेकवला आणि बाबांचं बोट धरलं.

मला फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नाही. भलतीकडेच नेत होते.

"अगं, बॉल मैदानात आहे की गटारात?" बाबा म्हणाले.

बाबा चेष्टा करत होते! माझ्या डोळ्यांत टचकन पाणी आलं.

तेवढ्यात चित्र अडकलं. मधोमध ते गोल चक्र फिरायला लागलं. बाबांचं बोट सोडून मी मोबाईल दोन्ही हातांत घेतला, खालीवर केला, खिडकीशी धरला. चित्र काही हलेना. मान वळवून सांगणार होते, "बाबा, जरा थांबा..."

बाबांचं बोट फिरत होतं.

सुतळीच्या कडेकडेने सावकाश गेलं... मग झटकन मध्ये वळलं. मला वाटलं, आठवणीतली एखादी मॅच खेळतायत. पण बोटाचं नख पांढरं पडलं होतं. कुणी वरून दाबून धरावं तसं.

मग फळीवर आवाज झाला.

टक... टक.

माझे दोन्ही हात मोबाईलवर. बाबांचा दुसरा हात मांडीवर.

"ऑफसाइड," बाबा शांतपणे म्हणाले.

चित्र सुरू झालं. आमचा खेळाडू कडेकडेने पळाला, बॉल मध्ये मारला... आणि लाइनमनने झेंडा वर केला.

माझ्या अंगावर सरसरून काटा आला.

योगायोग, असं स्वतःला बजावलं. पण पुढेही तेच. आधी बोट जायचं, मग मोबाईलवर बॉल तसाच जायचा. सलूनमधला "अरे अरे!" बरोबर बोटाच्या वेळी यायचा. मॅच जिथे खरी चालली होती, तिथे बोट होतं. मागे होते ती फक्त मी.

"बाबा..."

"श्श. त्याला सांगू दे."

कुणाला? दादाच्या खुर्चीकडे पाहिलं. रिकामी होती. तिच्यावर ऊन पडलं होतं आणि उन्हातली धूळसुद्धा जागच्या जागी थांबली होती.

फट्!

बाबांच्या तळहातावर टाळी बसली. हातावर उठलेली लाली मी डोळ्यांनी पाहिली. सलूनमध्ये एकच जल्लोष झाला. माझ्या मोबाईलवर आमच्या टीमकडे अजून बॉलही आला नव्हता, आणि इथे बाबा लहान मुलासारखे हसत होते.

हाफटाइमला मी चहा ठेवायला आत गेले. खरं तर कट्ट्याला धरून उभी राहिले. बाहेर आले तर फळी उलटी फिरवलेली. पॉलिश पेपर भिंतीकडे होता, तो आता खिडकीकडे.

"तुम्ही फिरवलीत?"

"दुसऱ्या हाफला टीम बाजू बदलतात ना. तो फिरवतो नेहमी."

मला हे माहीतच नव्हतं. मी कधी त्यांच्यात बसलेच नव्हते.

पळून जायला हवं होतं मी. पण गेले नाही. भीती वाटत होती, खोटं का बोलू? पण भीतीपेक्षा हेवा जास्त वाटत होता. मी बाबांच्या हातावर माझा हात ठेवला. बाबांचा गरम, सुरकुतलेला हात लागला. बाकी काही नाही.

"दादा," मी म्हटलं, "मी पण आहे रे इथे."

काही नाही... नुसतं बोट माझ्या हाताखालून पुढे सरकलं. मी थांबवायला गेले, तर माझाही हात त्याच्याबरोबर ओढला गेला.

मॅच संपत आली. आम्ही एका गोलने पुढे होतो. बाबांचं बोट सारखं पॉलिश पेपरकडे धावत होतं. समोरची टीम आमच्या गोलवर तुटून पडली होती. बाबांचे ओठ हलत होते. मी वाकून कान दिला.

"घाल रे... एक गोल घाल..."

"बाबा, काय बोलताय? आपण जिंकतोय!"

"बरोबरी झाली तर मॅच वाढते," बाबा म्हणाले. "अर्धा तास जास्त मिळतो."

मी बघतच राहिले. जन्मभर या टीमसाठी जीव टाकणारा हा माणूस समोरच्यांच्या गोलसाठी काकुळतीला आला होता.

मग मीही म्हणायला लागले. "घाल रे. एकच घाल."

बोट पॉलिश पेपरवर गेलं... मागे आलं... पुन्हा गेलं...

आणि थांबलं.

बाबांची मूठ मिटली. घट्ट, शिरा तटतटून येईपर्यंत. "थांब," ते म्हणाले. "जरा थांब ना रे."

खाली शिट्ट्या, हॉर्न, पोरांचा धिंगाणा सुरू झाला. आम्ही जिंकलो होतो. आणि बाबांची मूठ हळूहळू उघडत गेली. एकेक बोट, अगदी अलगद, कुणीतरी सोडवून घ्यावं तसं. मग हात फळीवर पडून राहिला.

बाबा रडले. दादा गेल्यानंतर पहिल्यांदा, धाय मोकलून रडले. मी त्यांना धरून बसले आणि मीही रडले.

बऱ्याच वेळाने त्यांनी तोंड पुसलं. निदान मला तरी तो बराच वेळ वाटला.

"तुझ्या मोबाईलवर संपली का गं?"

मी पाहिलं. संपली नव्हती. आमच्या गोलसमोर अजून झुंबड होती.

"नाही बाबा. चालू आहे."

"मग सांग ना मला."

त्यांनी बोट पुढे केलं. मी ते धरलं आणि जमेल तसं फिरवलं. चुकलेही असेन.  मोबाईलवर शेवटची शिट्टी वाजली, तरी मी बोट फिरवत राहिले. बाबांनीही फिरवू दिलं.

त्या दिवसापासून बाबा जेवायला लागले. मॅच असली की माझा हात धरून सलूनमध्ये जातात. केबलवाल्याला सगळं सांगितलं, तर तो म्हणतो, सलूनचा आवाज ऐकून बाबांनीच बोट फिरवलं असणार. असेलही. पण त्या आवाजावरून ऑफसाइडची टकटक कशी होईल, ते त्यालाही सांगता येत नाही.

मी जास्त वाद घालत नाही. मला दुसरंच काहीतरी छळतं.

आम्ही एक मिनिट मागे होतो. तो मागे नव्हता. मग तो कुठून बघत होता? आणि तिथे... त्याच्याशेजारी बसायला कुणी आहे का?