तांबड्या कानांचा पोलीस

पोलीस माझ्या अंगावर आदळला तेव्हा मी सफरचंदं घेऊन घाईघाईनं कोपरा वळत होते. टोपली उडाली, सफरचंदं उतारावरून घरंगळत सुटली, आणि मागून धावत आलेले आणखी पोलीस त्यांच्यावरून धपाधप घसरले. रस्त्याच्या टोकाला एक माणूस कॅमेऱ्याचा दांडा गरागरा फिरवत होता. तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला. हे आमच्याच चित्रपट कंपनीचे नट, आणि मी चालू चित्रीकरणात शिरलेय.

"थांबू नका, पळत राहा. मुलगी छान आहे, राहू दे तिला," दिग्दर्शक मॉस्यू गारँ कॅमेऱ्यामागून ओरडले.

आदळलेला पोलीस मात्र थांबला. "लागलं का, मादमोझेल?"

"मला कमी. टोपलीला जास्त."

"मग माफी टोपलीची मागायला हवी." आणि त्या वेड्यानं खरंच टोपी काढून टोपलीला वाकून नमस्कार केला. मी मान वर केली. त्याचे कान जरासे बाहेर आलेले होते... आणि पाळीपासून टोकापर्यंत तांबडेलाल. मग तो इतरांमागं पळाला, आणि मी खाली वाकून सफरचंदं वेचू लागले.

चेहरा माझ्या चांगला ओळखीचा होता, फक्त मी तो मसुराच्या दाण्याएवढा पाहिला होता. व्हँसेनच्या आमच्या कारखान्यात आम्ही मुली चित्रपट रंगवायचो. काळीपांढरी फीत भिंगाखाली धरायची आणि बारीक ब्रशानं एकेक चित्र रंगवत जायचं. प्रत्येकीला एकच रंग, माझा तांबडा. हा पोलीस, बाझिल त्याचं नाव, कधी तबक सांडणारा वाढपी असायचा, कधी मार्न नदीत पडणारा गाडीवान. कायम कडेला, कायम आपटणारा. जाहिरातीवर त्याचं नाव कधी नसे. नवी फीत आली की मी आधी त्याला शोधायची. आज कुठं पडणार आहे स्वारी?

त्या दुपारनंतर तो आमच्या खिडकीशी घुटमळू लागला. चित्रीकरण काचेच्या छपराखाली चाले. ऊन गेलं की काम बंद.

"ढग आलाय," तो म्हणायचा.

"मग?"

"मग मीही आलोय."

त्या शरदात सगळी कंपनी ढगांना शिव्या घालत होती आणि मी सकाळी उठून आधी आभाळ बघत होते... भरून आलंय का ते.

एकदा मात्र त्यानं ढगाचं नावच काढलं नाही. म्हणाला, "रविवारी मी कायमचा गावी, ओसेरला चाललो. बाबांचा पिंपांचा धंदा आहे ना. त्यांचं म्हणणं, पिंपाकडं निदान लोक नीट बघून घेतात."

"आणि इथलं काम?"

"चौथा पोलीस कुणीही होईल. शनिवारी ते सफरचंदांचं चित्र सगळ्यांना दाखवणार आहेत. त्यात मॉस्यू गारँना माझा चेहरा दिसला तर राहीन."

"नाही दिसला तर?"

"तर ढगांना सांगा, माझी वाट बघू नका."

तो हसला. मला हसू येईना. थांब, म्हणावंसं वाटत होतं. पण याचं सगळंच गमतीत. माझ्याशी बोलतो तो बाझिल, की त्यातलं एखादं सोंग?

दुसऱ्या दिवशी तीच फीत माझ्या टेबलावर आली. हुकूम एवढाच, की सफरचंदं तांबडी करायची. मी भिंग लावलं. मी वाकून फळं वेचतेय... आणि माझ्या पाठीमागं, जे मला त्या दिवशी दिसलंच नव्हतं, ते आता दिसलं. बाकीचे पळून गेले. बाझिल थांबला, मागं वळला, माझ्याकडं बघत राहिला. पायाशी आलेलं एक सफरचंद उचलून त्यानं हळूच कोटात लपवलं. मग पुन्हा वळून पाहिलं.

मी ब्रश खाली ठेवला. लगेच मनात आलं, कॅमेरा चालू होता. बघण्याचं सोंग करणं हा तर याचा धंदा. पण कान? नजर नाटकी असू शकते, कानांना नाटक कसं जमेल? फितीवर ते करडे होते. कॅमेऱ्याला तांबडा दिसत नाही, मला दिसला होता. मी ब्रश बुडवला आणि प्रत्येक चित्रात त्याचे कान रंगवले.

शनिवारी पांढऱ्या पडद्यासमोर सगळी कंपनी जमली. बाझिल वळला, कान पेटले, आणि कुणीतरी खुदकन हसलं. तो पुन्हा वळला तेव्हा सगळं दालन हसत होतं.

आमच्या मुकादमीण मादाम प्रुवो माझ्या कानाशी लागल्या. "क्लेमांस, रंग सफरचंदांना सांगितला होता."

"हात घसरला, मादाम."

"प्रत्येक चित्रात? त्याच दोन जागी?"

नोकरी गेली, हे मी धरूनच चालले होते. तेवढ्यात मॉस्यू गारँ उठले. "दिवे लावा. हा कानवाला कोण?"

"मी," मागून आवाज आला.

"पुढच्या चित्रात पळतील ते बाकीचे. तू प्रेमात पडायचंस. आणि मादाम, दर प्रतीत कान असेच हवेत."

"घे," मादाम मला म्हणाल्या, "आता रंगवत बस जन्मभर."

बाहेर अंगणात बुरबुर पाऊस होता. बाझिल धावतच आला. "ही कल्पना कुणाची?"

"कल्पना कसली? होते तसे रंगवले."

"पळून पळून तांबडे झाले असतील."

"बाकीचेही पळाले होते. त्यांचे नाही झाले." मी धीर केला. "मागं वळून बघ, असं मॉस्यू गारँनी सांगितलं होतं?"

"नाही... त्यांनी पळत राहायला सांगितलं होतं."

"मग? कामावरून काढून टाकलं असतं त्यांनी."

"टाकलं असतं. पण वळलो तेव्हा ते सुचलंच नाही."

"आणि माझं सफरचंद?"

"खाल्लं." त्यानं खिशात हात घालून वाळका देठ काढला. "एवढा उरलाय."

मला आणखी थांबवेना. "बाझिल, ओसेरला जाऊ नकोस. मला तू आवडतोस. भिंगातून आवडत होतास, आता भिंगाशिवायही."

त्यानं काहीतरी गमतीचं बोलायला तोंड उघडलं... आणि मिटलं. अंगणात कॅमेरा नव्हता, दांडा फिरवणारंही कुणी नव्हतं. तरी त्याचे कान पाळीपासून हळूहळू तांबडे होत गेले, थेट टोकापर्यंत, आणि या वेळी माझा ब्रश आत टेबलावर पडलेला होता.