मुका गुरुवारी का भुंकत नाही?

“अठ्ठेचाळीस!” घड्याळने वहीत रेघ ओढली. “सकाळी नऊपासून अठ्ठेचाळीस वेळा!”

“आणि काल?” शंकाने विचारलं.

“काल शून्य. मागच्या गुरुवारीही शून्य. बाकी रोज पन्नासच्या पुढे.”

“असं कसं? कुत्रा आहे की दुकान, गुरुवारी बंद ठेवायला?”

दोघं खो खो हसली. वरच्या पायरीवर बसलेली पाहुणी मात्र हसली नाही. ती तशी फारशी हसतच नसे.

तिला पाहुणी म्हणत, कारण ती सुट्टीपुरती मावशीकडे आली होती. आई आजारी आजोबांपाशी, बाबा कामावर आणि मावशी रक्त तपासायच्या लॅबमध्ये, सकाळी आठ ते संध्याकाळी सात. बारा वर्षांच्या मुलीने दिवसभर एकटीने करायचं तरी काय? फ्रिज घुरघुरायला लागला की तिला बरं वाटे, आणि तो थांबला की घर फार मोठं वाटे. फोनवर ती आईला म्हणे, “मजेत आहे!” आणि फोन ठेवला की रडू येई. त्या दिवसांत तिला सोबत होती ती खालच्या मजल्यावरच्या भुंकण्याची. दुसरं काही सुचेना म्हणून तिने ते मोजायला घेतलं. वही घेऊन ती जिन्यात बसली, तेव्हा ही दोघं येऊन चिकटली. शंका तळमजल्यावरची, प्रश्न विचारल्याशिवाय तिला घास गिळवत नसे. घड्याळ तिचा आतेभाऊ. वडिलांचं जुनं घड्याळ त्याच्या मनगटापासून कोपरापर्यंत मोकाट हिंडत असे.

भुंकणारा मुका होता पहिल्या मजल्यावरच्या सिस्टरांचा. पिल्लू असताना आवाजच काढत नसे, म्हणून त्याचं नाव मुका. आता मात्र नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा! सिस्टर हॉस्पिटलात ड्यूटीवर गेल्या, की मागच्या गॅलरीत त्याची मैफल सुरू.

“ए! गप्प!” खालून आवाज आला आणि गॅलरीच्या जाळीवर काठी खडखडली. मुका दुप्पट भुंकला. घड्याळने निमूटपणे आणखी सहा रेघा ओढल्या.

काठी होती बिल्डिंगच्या सेक्रेटरींची. पाठोपाठ ते स्वतः जिना चढून आले आणि सिस्टरांच्या दारावर त्यांनी एक कागद चिकटवला.

“पुढच्या रविवारपर्यंत मुदत!” ते मुलांना म्हणाले, जणू कुत्रा मुलांचाच होता. “एक तर हा कुत्रा जाईल, नाहीतर खोली रिकामी होईल. कान किटले माझे!”

संध्याकाळी सिस्टर आल्या. खांद्यावरची पिशवी न उतरवताच त्यांनी कागद वाचला, मग पुन्हा वाचला.

“खोली सोडून मी जाऊ कुठे?” त्या हळूच म्हणाल्या. “आणि याला देऊ कुणाला? भाऊ म्हणतो, गोदामावर पाठव, राखणीला साखळीने बांधून ठेवतो. अगं, आयुष्यात कधी साखळी पाहिली नाही याने. घरी आले की माझ्या पावलांचा आवाज ओळखणारा हा एकटाच आहे.”

पाहुणीला वाटलं, साखळी आपल्याच गळ्यात पडते आहे.

“तो आधी भुंकत नव्हता ना?” तिने विचारलं.

“छे! दोन महिन्यांपूर्वीपर्यंत चकार शब्द नव्हता. आणि हे पोट बघा! मोजून दोन वेळा खायला घालते, तरी फुगतोच आहे.”

“मग याला जास्तीचं कोण घालतं?” शंकाने लगेच विचारलं.

पाहुणी गॅलरीत गेली. जाळीखालच्या फटीत बिस्किटाचा तुकडा अडकला होता. तिने तो नखाने काढला. एका बाजूला निळा रंग लागला होता. बोटावर घासला तर भुकटी झाली.

“खडू!” घड्याळ म्हणाला. “पण बिस्किटाला खडू कसा?”

पाहुणीने समोर पाहिलं. बोळाच्या पलीकडे, हात लांब केला तर पोचेल की काय इतक्या जवळ, एक खिडकी होती. आत शिलाई मशीन.

“शंका,” ती म्हणाली, “तू मघाशी काय म्हणालीस? दुकान गुरुवारी बंद!”

शनिवारी सकाळी सिस्टर ड्यूटीवर गेल्या, तेव्हा तिघं मागच्या बोळात पाण्याच्या टाकीआड दबा धरून बसली होती. शंकाला दोन वेळा शिंक आली आणि दोन्ही वेळा घड्याळने तिचं नाक धरलं.

“भों!” वरून मुका म्हणाला.

खिडकीतली मशीनची खडखड थांबली. एक सुरकुतलेला, निळ्या खडूने माखलेला हात बाहेर आला आणि टप्! बिस्किट थेट जाळीतून आत. मुका चूप. मशीन पुन्हा सुरू. चार मिनिटांनी पुन्हा “भों!” पुन्हा हात, पुन्हा टप्!

“चोर सापडला!” शंका किंचाळली, आणि तिघं वळसा घालून थेट शिंपीकाकांच्या दुकानात धडकली.

शिंपीकाका घाबरलेच. “काय झालं रे? कुणाचं माप चुकलं?”

“तुमच्यामुळे मुकाला घालवून देणार आहेत!” घड्याळ म्हणाला. “तो भुंकला की तुम्ही बिस्किट टाकता. म्हणून तो भुंकतो! गुरुवारी तुमचं दुकान बंद, म्हणून तो गप्प!”

“मी तर तो गप्प व्हावा म्हणून टाकतो रे. आणि होतोही की लगेच!”

“होतो, पण त्याला काय कळतं?” पाहुणी म्हणाली. “भुंकलं की बक्षीस! म्हणून पुन्हा भुंकायचं.”

शिंपीकाका स्टुलावर बसले. दाराजवळ आणखी एक स्टूल होतं, रिकामं, आणि त्यावर बटणांचा डबा झाकण लावून ठेवलेला.

“काकू तिथे बसायच्या,” ते म्हणाले. “काजं-बटणं त्याच करायच्या. दोन महिने झाले त्यांना जाऊन. ते स्टूल डोळ्यांसमोर नको, म्हणून मशीन मागच्या खिडकीशी नेलं. पहिल्याच दिवशी समोरून हा भुंकला. मला वाटलं, मला हाक मारतोय. गिऱ्हाईक येतं, कापड टाकतं, कधी मिळेल विचारतं आणि जातं. दिवसभरात मला हाक मारणारं दुसरं आहे कोण?”

चोर पकडल्याचा सगळा आनंद पाहुणीच्या मनातून उतरला. उलट आपण या माणसाचं काहीतरी हिसकावून घेतोय, असं तिला वाटू लागलं.

“आजपासून बंद,” काका म्हणाले. “एकही टाकणार नाही.”

“नाही काका,” पाहुणी एकदम म्हणाली. “टाका. पण तो गप्प असताना टाका!”

ऐकायला सोपं होतं. करायला? सिस्टरांनी मुलांना किल्ली दिली आणि पहिल्याच दिवशी फजिती झाली. मुका गप्प झाला रे झाला, की घड्याळ म्हणे, “शाबास!” मग खिसा चाचपे, पुडी सोडे, बिस्किट काढे. तेवढ्यात मुका “भों!” म्हणे आणि बिस्किट नेमकं त्या “भों”ला मिळे.

“किती वेळ लागला?” शंकाने विचारलं.

“चार सेकंद,” घड्याळ ओशाळून म्हणाला.

“चार सेकंदांत तो तीनदा भुंकला! आपणही काकांचंच करतोय की!”

त्यात मुकाला जुनी सवय सुटेना. भुंकूनही काही मिळत नाही म्हटल्यावर त्याने आवाज चढवला. शंभर, एकशे दहा, एकशे वीस! घड्याळच्या वहीची पानं संपत आली. सेक्रेटरींची काठी जाळीवर वाजत होती, त्याने आणखीच भर पडत होती.

“काका,” शंका सेक्रेटरींसमोर जाऊन म्हणाली, “नियम सगळ्यांना सारखा ना?”

“अर्थात!”

“मग रविवारी नऊ ते साडेनऊ तुम्ही स्वतः परीक्षा घ्या. एकदा जरी भुंकला तरी तो जाईल. नाही भुंकला तर नोटीस फाडायची. आणि तोपर्यंत काठी नाही! परीक्षेआधी परीक्षक पोरांना धमकावतो का कधी? तुमच्यासारखा न्यायी माणूस तर नाहीच!”

सेक्रेटरी फुशारले. त्यांनी हे सगळं बिल्डिंगच्या फळ्यावर स्वतःच्या अक्षरात लिहिलं, खाली सहीसुद्धा ठोकली. आता मागे फिरायची सोय उरली नाही.

खरी युक्ती सांगितली ती शिंपीकाकांनी. “कॉलरच्या टोकाला आलं की मशीन थांबवायचं ते सुई कापडात असतानाच,” ते म्हणाले. “एक टाका पुढे गेला की टोक वाकडं. तुम्ही उशिरा थांबताय. बिस्किट आधीच हातात हवं, आणि नजर बिस्किटावर नाही, कुत्र्यावर.”

मग काकाच खिडकीत बसले. एका हातात कापड, दुसऱ्यात बिस्किटाचा नखाएवढा तुकडा. मुका दम खायला थांबला, त्याच क्षणी टप्! मुका चकित. पुन्हा भुंकला, काहीच नाही. थांबला, टप्! सोमवारी दोन सेकंदांच्या शांततेला बक्षीस होतं, मंगळवारी दहा, बुधवारी एक मिनिट. शुक्रवारी मुकाने पुढच्या पायांवर हनुवटी टेकली, शरीर सैल सोडलं, आणि काकांच्या हाताने तो क्षणही बरोबर टिपला. शनिवारी घड्याळच्या पानावर दिवसभरात दोनच रेघा होत्या.

“जिंकलो!” शंका नाचली.

शिंपीकाका मात्र समोरच्या शांत गॅलरीकडे बघत बसले. पाहुणीने ते पाहिलं.

रविवारी नऊ वाजता सेक्रेटरी सिस्टरांच्या घरात खुर्ची टाकून बसले. सिस्टरांनी रजा घेतली होती. त्या दाराआड उभ्या होत्या, पदराचं टोक मुठीत घट्ट धरून. मुका गॅलरीत आडवा पडला होता. दहा मिनिटं झाली. पंधरा झाली.

सोळाव्या मिनिटाला मुकाने डोकं उचललं. घशातून बारीक कण्हण्याचा आवाज आला. मग तो उभाच राहिला.

“अरे, खिडकी बंद आहे!” घड्याळ कुजबुजला.

खरंच! पलीकडे मशीन खडखडत होतं, पण खिडकीची दारं लावलेली. मुकाला काका ऐकू येत होते, दिसत मात्र नव्हते. त्याचं कण्हणं वाढत चाललं. आता कुठल्याही क्षणी “भों!”

पाहुणी धावली. जिना, बोळ, वळसा, दुकान! “काका, खिडकी का लावलीत?”

“मी नकोच त्याच्या समोर,” काका मान वर न करता म्हणाले. “माझ्यापायीच झालं सगळं. मला बघून पुन्हा हाक मारली तर? जाईल बिचारा. आणि आता तो शांत झालाय, त्याला माझी गरज काय?”

“तो बिस्किटासाठी कण्हत नाहीये काका!” पाहुणीचा आवाज फुटला. “तुम्ही आत आहात हे त्याला कळतंय आणि तुम्ही दिसत नाही. मी दिवसभर घरात एकटी असते. शेजारी कुणीतरी आहे हे ऐकू येतं, पण माझ्याकडे कुणी बघत नाही. फार वाईट वाटतं हो! उघडा ना!”

इतकं ती त्या सुट्टीत कुणाशीच बोलली नव्हती. शिंपीकाकांनी एकदा तिच्याकडे पाहिलं, आणि उठून दोन्ही दारं सताड उघडली.

मुकाने त्यांना पाहिलं. त्याची शेपटी जमिनीवर दोनदा आपटली. तो खाली बसला, मग आडवा झाला, आणि हनुवटी पायांवर ठेवून त्याने एक लांब श्वास सोडला.

टप्!

त्यानंतर मुका जागचा हललाही नाही. “साडेनऊ!” घड्याळ ओरडला, इतक्या मोठ्यांदा की परीक्षा मुकाऐवजी त्याची असती तर तो नापासच झाला असता.

सेक्रेटरींनी नोटीस फाडली. “मी दोन महिने काठी आपटली,” ते कान खाजवत म्हणाले, “आणि तुम्ही पोरांनी नुसतं गप्प बसून बघितलं! शाबास! अक्कल वयावर नसते, हे मानलं पाहिजे.”

सिस्टरांनी शंका आणि घड्याळला जवळ घेतलं. मग त्या गॅलरीत गेल्या. त्या घरात सात वर्षं राहूनही समोरच्या खिडकीशी त्या आजवर एक शब्द बोलल्या नव्हत्या.

“काका,” त्या म्हणाल्या, “मला वाटायचं, दिवसभर तो एकटाच असतो.”

“मलाही वाटायचं,” शिंपीकाका म्हणाले, “की मी एकटाच असतो.”

दुकानातून येऊन खाली बोळात उभी राहिलेली पाहुणी दोघांचं बोलणं ऐकत होती. वरून सिस्टरांनी तिला हाक मारली, आणि ती “ओ!” म्हणत जिन्याकडे पळाली.