तिसऱ्या पेटीचं कुलूप

मास्तरचे दोन दात पेट्रोल पंपाच्या मागच्या भिंतीपाशी पडले होते. मास्तर स्वतः त्यांच्यापासून हातभर अंतरावर, भिंतीला टेकून कलंडलेला.

फौजदारबाई उकिडव्या बसल्या. एक गोळी उजव्या गुडघ्यात, दुसरी कपाळात. मध्ये सिमेंटवर रक्ताचा लांबलचक पट्टा. गुडघा फुटल्यावर माणूस कोपरांवर सरपटत भिंतीपर्यंत आला होता. तिथे कुणीतरी त्याच्या तोंडावर जड वस्तू हाणली होती, आणि मग शेवटची गोळी.

"ज्याला नुसतं मारायचं असतं, तो गुडघ्यात वेळ घालवत नाही," त्या म्हणाल्या.

"छळायचं असेल, मॅडम," हवालदार म्हणाला.

"किंवा काहीतरी वदवून घ्यायचं असेल."

सकाळचे दहा वाजले होते. शेजारच्या टायरवाल्याकडे कॉम्प्रेसर धडधडत होता, त्यामुळे गोळीचा आवाज कुणालाच आला नव्हता. पंपावरचा झाडूवाला मागे गेला, म्हणून प्रेत सापडलं.

मेलेला माणूस नेमबाजी क्लबचा प्रशिक्षक होता. सगळे त्याला मास्तरच म्हणत. स्पर्धेसाठी तो पहाटे गाडी घेऊन निघाला होता. सोबत तिघं. गाडी चालवणारा त्याचा मेहुणा. बंदुका दुरुस्त करणारा क्लबचा मिस्त्री. आणि क्लबची सगळ्यात चांगली नेमबाज, जिला सगळे चॅम्पियन म्हणत.

गाडी पिकअप होती. पुढे चौघांना बसायला बंद केबिन, मागे उघडा हौदा. हौद्यात साखळीने बांधलेल्या चार पेट्या आणि प्रत्येक पेटीला एक छोटं पितळी कुलूप. दोन तास उखडलेल्या रस्त्यावरून येऊन हौदा लाल धुळीने माखला होता.

"हत्यार सापडलं," हवालदार म्हणाला. "तिसऱ्या पेटीत. चॅम्पियनचं पिस्तूल. पुसलंय, पण नळीला बंदुकीच्या जळक्या दारूचा वास येतोय. आणि गंमत बघा, चारही पेट्यांना कुलपं तशीच होती, शिपायांना कड्या कापाव्या लागल्या."

"किल्ल्या?"

"मास्तरच्या गळ्यात."

त्या पुन्हा प्रेतापाशी गेल्या. शर्टाचं वरचं बटण लावलेलं होतं. कपाळातून आलेलं रक्त कॉलरमध्ये उतरून सुकलं होतं. गळ्यातली दोरी, कॉलर आणि कातडी एकमेकांना चिकटली होती. मेल्यावर त्या दोरीला कुणीही हात लावलेला नव्हता.

दोरी कापून किल्ल्या आणल्या. हवालदाराने एकेक कुलूप उघडून दाखवलं. पहिलं करकरत उघडलं. दुसरंही. तिसरं लोण्यासारखं. चौथं पुन्हा करकरलं. हवालदाराची बोटं लाल झाली.

"असली कुलपं मी केसांच्या पिनेने उघडेन," तो म्हणाला. "स्वस्तातला माल."

"उघडा."

दहा मिनिटांनी हवालदाराच्या कपाळावर घाम होता, पिन वाकडी झाली होती, आणि चौथ्या कुलपाच्या तोंडावर ओरखडेच ओरखडे उठले होते.

"तिसऱ्यावर एकही ओरखडा नाही," बाई म्हणाल्या. "चला, माणसांकडे."

पंपाच्या मॅनेजरने आपली खोली मोकळी करून दिली. आधी मेहुणा आला. दांडगा, मान खाली.

"गाडी थांबल्यावर कुठे होतात?"

"टायरमध्ये हवा भरत होतो."

"सगळा वेळ?"

"मधे पाणी आणायला गेलो. एकटाच."

"मास्तरशी कसं होतं?"

"भाऊजींनी माझ्या बहिणीचा हात दोनदा मोडलाय. तिसऱ्यांदा मोडला असता, तर मीच त्यांना संपवलं असतं. पण हे माझं काम नाही. मला पिस्तूल धरताही येत नाही."

"पेट्या मागे कुणी ठेवल्या?"

"मी आणि मिस्त्रीने. चॅम्पियनने आपलं पिस्तूल आत ठेवलं. मिस्त्री उघडी कुलपं हातात देत होता, भाऊजी एकेक दाबून लावत होते. रोजचंच आहे. ती दाबली की लागतात. किल्ली फक्त उघडायला, तीही प्रत्येकाला एकच."

"पिस्तुलं अशी कुलूप लावूनच नेता?"

"वर्षभर झालं. तो अपघात झाला ना, तेव्हापासून. भाऊजींनी डझनभर कुलपांचं खोकं आणलं. चार पेट्यांना लावली, एक मिस्त्रीच्या हत्यारपेटीला, बाकीची क्लबच्या कपाटांना."

अपघात हवालदारालाही आठवत होता. क्लबची एक मुलगी अशाच प्रवासात गेली होती. कापडी पिशवीतली रायफल सुटली, गोळी तिच्या छातीतून आरपार. मुलगी मिस्त्रीची. एकुलती एक.

चॅम्पियन आत आली तेव्हा तिच्या बाह्या मनगटापर्यंत ओढलेल्या होत्या.

"वर करा," बाई म्हणाल्या.

दोन्ही हातांवर काळेनिळे वळ होते.

"नळी साफ करायच्या गजाचे," ती म्हणाली. "नेम चुकला की."

"तक्रार केली नाहीत?"

"कुणाकडे? क्लब त्यांचा. स्पर्धेला कोण जाणार, ते त्यांच्या हातात."

"आज इथे कुठे होतात?"

"बाथरूममध्ये. साक्षीदार कुणी नाही."

"वर्षापूर्वी त्या गाडीत तुम्ही होतात?"

"होते."

"काय झालं होतं?"

तिने बाह्या खाली ओढल्या. "अहवालात लिहिलंय तेच."

शेवटी मिस्त्री. पन्नाशी उलटलेला, नखांत काळं तेल मुरलेलं. हत्यारपेटी त्याने मांडीवर धरली होती.

"ही पेटी कुठे होती?"

"केबिनमध्ये. माझ्या पायाशी. मागे टाकली तर धूळ बसते. बारीक काम असतं आमचं."

"केबिनच्या काचा?"

"घट्ट बंद. मास्तरला धुळीने खोकला यायचा."

"उघडा."

त्याने खिशातून किल्ली काढून कुलपात घातली. ती करकरली. अडली. त्याने जोर लावल्यावर फिरली.

"जुनं झालंय," तो म्हणाला.

आत कानशी, तेलाच्या बाटल्या, कापडाच्या चिंध्या, सगळं नीट लावलेलं. कुलूप चकचकीत पुसलेलं.

"मुलगी गेली. तरी मास्तरकडेच राहिलात?"

"दुसरं काम येत नाही मला. ते म्हणाले, चूक पोरीची. तिनेच पिशवीतून रायफल ओढली. मी मानलं."

"अजून मानता?"

"आता मानून न मानून काय होणार, बाई?"

त्यांनी त्याचं कुलूप टेबलावर ठेवायला सांगितलं आणि त्याला बाहेर पाठवलं. पाच मिनिटांनी तिघांनाही एकदमच आत बोलावलं.

टेबलावर पाच कुलपं एका ओळीत होती. चार पेट्यांची, पाचवं हत्यारपेटीचं. पुढे एक कोरा कागद.

"मला आधी एकच प्रश्न पडला होता," बाई म्हणाल्या. "मास्तरच्या किल्लीशिवाय पेटी उघडली कशी? कुलूप तोडलेलं नाही. पिन घातलेली नाही. म्हणजे मारणाऱ्याकडे किल्ली होती. पण तिसऱ्या कुलपाची किल्ली मास्तरच्या गळ्यातच होती."

"मास्तरने स्वतःच पेटी उघडली असेल," मेहुणा म्हणाला.

"मीही तेच धरून चालले होते. पण मग हे बघा."

त्यांनी पहिलं कुलूप कागदावर आपटलं. लाल धुळीचा ठिपका पडला. दुसऱ्याचा पडला. चौथ्याचाही. तिसरं त्यांनी तीनदा आपटलं. कागद पांढराच राहिला.

"चारही पेट्या एका हौद्यात होत्या. दोन तास एकच धूळ खात आल्या. तीन कुलपं आतून भरली, एक कोरं. धूळ निवड करत नाही. म्हणजे हे कुलूप हौद्यात नव्हतंच. दोन तास ते कुणाच्या तरी खिशात होतं."



"पेटीवर त्या वेळी दुसरंच कुलूप होतं. दिसायला अगदी असंच, एकाच खोक्यातलं. सकाळी कुलपं उघडी मिळतात. मास्तर ती दाबतो आणि पुढे जातो. आपण कुठलं दाबलं, हे त्याला कळणार कसं? इथे गाडी थांबल्यावर मारणाऱ्याने आपलं कुलूप आपल्या किल्लीने उघडलं. पिस्तूल घेतलं, काम उरकलं, पिस्तूल परत ठेवलं. मग खिशातलं खरं कुलूप काढून पेटीला लावलं. त्याला किल्ली लागत नाही. नुसतं दाबायचं."

त्यांनी पाचवं कुलूप उचललं.

"आणि आपलं कुलूप त्याने पुन्हा आपल्या जागी लावलं. ज्या पेटीने बंद काचांमागे, पायाशी बसून प्रवास केला, तिच्यावर. वरून पुसलं. किल्लीच्या भोकात चिंधी जात नाही."

त्यांनी ते आपटलं. कागदावर लाल धूळ सांडली, बाकी तिघांपेक्षा जास्तच.

चॅम्पियनच्या तोंडून बारीकसा आवाज निघाला. मेहुणा अभावितपणे मिस्त्रीपासून दूर सरकला.

मिस्त्रीने कागदाकडे पाहिलं, जसं एखाद्या बिघडलेल्या भागाकडे पाहावं तसं.

"फुंकर मारायला हवी होती," तो म्हणाला.

"गोळ्या कुठून आणल्यात?"

"दुरुस्तीनंतर चाचणी घेतो, त्यातल्या दोन ठेवल्या होत्या. दोनच लागणार, ठाऊक होतं."

"पिस्तूल या मुलीचं का निवडलंत? संशय तिच्यावर गेला असता."

"तेवढ्यासाठीच तर सगळं परत कुलूपबंद केलं. किल्ल्या मास्तरच्या गळ्यात, म्हणजे हिने उघडलं असं कुणी म्हणू शकणार नाही, असं वाटलं. तेच पिस्तूल माझ्या हातून कालच चोख झालं होतं. ते दगा देणार नव्हतं." तो चॅम्पियनकडे वळला. "चुकलं माझं, बाळ."

"गुडघ्यात का?" बाईंनी विचारलं.

"त्याच्या तोंडून ऐकायचं होतं. रायफल तू भरली होतीस का, एवढंच विचारलं. म्हणाला, नाही. सरपटत निघाला. मी भिंतीपाशी गाठून पिस्तुलाच्या दस्त्याने तोंड फोडलं. मग म्हणाला, हो. रस्त्याकडेच्या कुत्र्यांवर नेम धरायला म्हणून भरली, आणि रिकामी करायची विसरला." त्याचा आवाज तसाच सपाट होता. "खाली ठेवताना घोडा अडकला. पोरगी समोर बसली होती. तिने पिशवीला हातसुद्धा लावला नव्हता."

"मग थांबायचं होतं. आमच्याकडे यायचं होतं."

"वर्षापूर्वी तुमच्याच लोकांकडे आलो होतो."

बाईंनी हातातलं कुलूप ओळीत ठेवलं. मग विचारलं, "तुम्हाला हे सांगितलं कुणी?"

"मी," चॅम्पियन म्हणाली. "गेल्या आठवड्यात. मी त्या गाडीत होते. मास्तर म्हणाले होते, तोंड उघडलंस तर पुन्हा बंदूक हातात धरू देणार नाही. मी वर्षभर गप्प बसले. त्या दिवशी मिस्त्रीकाका माझं पिस्तूल दुरुस्त करत होते, आणि आपल्या मुलीबद्दल बोलत होते. तिला कितीदा सांगितलं होतं, भरल्या बंदुकीला हात लावू नकोस, असं म्हणत होते. मला ऐकवेना." ती मिस्त्रीसमोर जाऊन उभी राहिली. "मी तेव्हाच बोलले असते, तर तुम्ही आज इथे नसता."

"तू तेव्हा एकोणीस वर्षांची होतीस," मिस्त्री म्हणाला. "मी पन्नाशी ओलांडलेला होतो. मला अक्कल हवी होती. माझी पोर भरली बंदूक ओढेल, हे मी मानलंच कसं?"

हवालदार बेड्या घेऊन पुढे आला. मिस्त्रीने दोन्ही हात पुढे केले.

"बाई, एक मागू?"

"बोला."

"माझ्या पोरीच्या कागदावर लिहिलंय, स्वतःच्या निष्काळजीपणामुळे मृत्यू. तेवढं खोडता येईल का?"

"मला खोडता येत नाही," बाई म्हणाल्या. "तुम्ही सांगितलंत ते मारहाण करून वदवलेलं आहे, आणि बोलणारा मेलाय. त्याला कोर्टात किंमत नाही. पण डोळ्यांनी पाहिलेलं माणूस जिवंत असेल, तर फाइल पुन्हा उघडावी लागते."

त्यांनी चॅम्पियनकडे बघितलं नाही. टेबलावरची कुलपं बाजूला सारून एक कोरा कागद पुढे ठेवला, आणि हवालदाराला पेन काढायला सांगितलं.

चॅम्पियन खुर्चीत बसली. बाह्या कोपरापर्यंत सारल्या.

"वर्ष गप्प का बसलात, तेही विचारतील," बाई म्हणाल्या. "सोपं जाणार नाही."

"विचारू देत."

मिस्त्रीला दाराकडे नेऊ लागले तेव्हा तो थबकला. "मला ऐकून जाऊ द्या," तो म्हणाला.

बाईंनी मान हलवली. शिपायाने त्याला दाराशेजारच्या बाकावर बसवलं.

"त्या दिवशी रायफल मास्तरांनी भरली," चॅम्पियनने सुरुवात केली. "आणि काकांची मुलगी खिडकीबाहेर बघत होती. तिचे हात मांडीवर होते. दोन्ही."

हवालदार लिहू लागला. बाकावर बसलेल्या माणसाने डोळे मिटून घेतले, आणि एका वर्षात पहिल्यांदाच तो मोठ्याने रडला.