मुळाची वाट

१९५१ च्या मार्गशीर्षात, सांडोरच्या वाडीत केळीचे मुनवे लावताना काशिनाथला ते फूल दिसले. पान नाही, देठ नाही, हिरवेपणाचा लवलेश नाही. बावखलाच्या, म्हणजे वाडीतल्या तळ्याच्या, काठच्या ओल्या मातीतून कच्च्या मांसाच्या रंगाची एक मूठ वर आली होती.

वनस्पतिशास्त्राचा पदवीधर असलेल्या काशिनाथने अशी फुले तुंगारेश्वरच्या रानात पाहिली होती. ती स्वतः अन्न बनवीत नाहीत. दुसऱ्याच्या मुळाला चिकटून जगतात. येथे मात्र कोवळ्या केळींखेरीज आसपास एकही झाड नव्हते.

त्याची धाकटी बहीण लीला दोन महिने अंथरुणावर होती. अन्नाचा कण तिच्या घशाखाली उतरत नव्हता. तरी गाल तुकतुकीत, ओठ ओले. डॉक्टरांनी नाडी पाहून एवढेच विचारले होते, "ही जगते कशावर?"

"तुझ्या पुस्तकात नाही वाटतं हे फूल?" खिडकीतून लीलाचा आवाज आला. "पदवी परत करून ये, दादा."

"आधी तू दोन घास खा. मग करतो परत."

"भूकच नाही रे."

फूल कोणावर जगते हे पाहण्यासाठी काशिनाथने माती उकरली. बोटाएवढे जाड मूळ हाताला कोमट लागले. केळींना वळसा घालून ते घराकडे गेले होते. भिंतीखालून आत, सारवलेली जमीन फुगवत थेट लीलाच्या अंथरुणापर्यंत. त्याचे टोक कोठे रुतले आहे, हे त्याने चादर उचलून पाहिले आणि चादर तशीच खाली टाकली.

आईने, अनसूयाबाईंनी, दाराची चौकट धरली. "फूल कुठे आलंय? काठावर, शेवग्याचं खोड होतं तिथे?"

"हो."

"तिथेच हिची नाळ पुरली होती मी."

"आई, ते हिला शोषतंय."

"थांब, काशिनाथ. हात नको लावूस."

तो थांबला नाही. बाहेर जाऊन त्याने भिंतीलगत मुळावर कोयता घातला.

आतून लीला ओरडली, "आई, भूक लागली!"

आई रडत, हसत चुलीकडे धावली. लीलाने ताटातला भात संपवला. मग टोपातला.

"अजून."

तिचे ओठ तडकले.

"अजून वाढ ना ग."

गाल बसले. बोटांवरची कातडी केळीच्या वाळल्या सोपटासारखी सुरकुतली. घास उचलणारा हात वाटेतच थांबला.

काशिनाथ बाहेर धावला. कलम बांधतात तशी दोन्ही टोके जुळवून बांधायची, एवढेच त्याला सुचले. बांधायला केळीचे सोपट घेऊन तो उकरलेल्या चरात वाकला. पलीकडे फूल टवटवीत होते.

घरात आई एकटीच बोलत होती. "खा ग, अजून आहे."

घराकडचे टोक कोरडे पडून पिळवटले होते.

फुलाकडचे पाझरत होते. पांढरे, कोमट थेंब एकामागून एक मातीत पडत होते आणि उतार नसतानाही घराच्या दिशेने सरकत होते.